पडद्यावरचे सोवळे-ओवळे

'पडदा' या शब्दाची मला फार दिवसांपासून गंमत वाटत आली आहे. घरात पडदा लावतात तो आतले बाहेर दिसू नये म्हणून. चित्रपटगृहात लावतात तो एरवी जे दिसत नाही ते दिसावे म्हणून. लपवणे आणि दाखवणे ही दोन उलटी कामे आपल्या भाषेने एकाच शब्दावर बिनदिक्कत सोपवून दिली आहेत. मूकपटांच्या अगदी पहिल्या वर्षांचा इतिहास मी वाचू लागलो, तेव्हा त्या इतिहासाची किल्लीच या शब्दात दडली आहे असे मला वाटू लागले.

त्या काळाबद्दल आपली समजूत भाबडी असते. फलाटावर येणारी आगगाडी, आईबापांच्या हातून घास घेणारे तान्हे मूल, बागेतल्या माळ्याची पाण्याच्या नळीने उडालेली फजिती, असे काही निरागस खेळ आपल्या डोळ्यांपुढे येतात. आणि 'तेव्हाचे लोक साधे होते, हो!' असे म्हणून आपण मोकळे होतो. पण हे चित्र अर्धेच आहे. त्याच सुरुवातीच्या काळात, तशाच छोट्या छोट्या चित्रफितींत, चारचौघांत ज्यांचे नाव काढू नये अशा जवळजवळ सगळ्या गोष्टी येऊन गेल्या होत्या. चुंबन आले, नवपरिणितेचे शय्यागृह आले, शिरच्छेद आला, विजेने दिलेला मृत्युदंड आला, बाईचे गर्भारपण आले, आणि शस्त्रवैद्याच्या टेबलावरचे उघडे शरीरही आले. सिनेमा बोलू लागण्यापूर्वी वीसेक वर्षे त्याने हे सारे दाखवून टाकले होते.

मी कादंबऱ्या लिहितो, आणि पोट शाळेतल्या नोकरीवर भरतो. 'हे कशाला लिहिलेत?' हा कादंबरीकाराला विचारला जाणारा प्रश्न आणि 'हे मुलांना कशाला सांगता?' हा मास्तराला विचारला जाणारा प्रश्न, दोन्ही माझ्या परिचयाचे आहेत. म्हणून या जुन्या चित्रफितींकडे मी केवळ कुतूहलाने पाहू शकलो नाही. झाकावे काय आणि उघडावे काय, हे ठरवते कोण? आणि उघडायचेच झाले तर कोणाचे उघडतात?

आरंभ पडद्यापासूनही झाला नाही. तो झाला पेटीपासून. १४ एप्रिल १८९४ रोजी न्यूयॉर्क शहरात ब्रॉडवेवर एक दुकान उघडले. आत दहा लाकडी पेट्या दोन रांगांत उभ्या होत्या. प्रत्येक पेटीच्या माथ्यावर डोळे लावण्याची खाच. पंचवीस सेंट द्यावेत, एका रांगेतल्या पाच पेट्यांवर क्रमाक्रमाने वाकावे आणि आत हलणारी चित्रे पाहावीत. एडिसनच्या कारखान्यातून निघालेल्या या यंत्राला कायनेटोस्कोप म्हणत. आपल्याकडच्या जत्रांतून डोक्यावर पेटी घेऊन हिंडणारा बाइस्कोपवाला ज्यांनी पाहिला असेल, त्यांना हा प्रकार समजावून सांगण्याची गरज नाही. फरक इतकाच, की इथली चित्रे खरोखरच हलत.

पेटीचा मोठा गुण असा, की एका वेळी एकच माणूस पाहतो. शेजारच्याने काय पाहिले हे आपल्याला ठाऊक नाही, आपण काय पाहिले हे त्याला ठाऊक नाही. झाकली मूठ सव्वा लाखाची! त्यामुळे या पेट्यांत फार लवकर अशा गोष्टी शिरल्या, ज्या घरी बायकामुलांसमोर सांगता आल्या नसत्या. १८९४ च्या मार्च महिन्यात कार्मेन्सिता नावाची स्पॅनिश नर्तिका एडिसनच्या चित्रशाळेत नाचून गेली. तिचा घेरदार झगा गिरकीबरोबर उडे आणि पायाचे घोटे दिसत. घोटेच, अधिक काही नाही. पण त्याच उन्हाळ्यात अ‍ॅसबरी पार्क नावाच्या समुद्रकाठच्या गावी तिथल्या प्रतिष्ठितांनी पेटीत डोकावून पाहिले आणि तेवढ्यावरून हे चित्र बंद करावयास लावले. चित्रपटावर घातलेल्या बंदीचे सर्वांत जुने जे दाखले मिळतात, त्यांतला हा एक होय.

आता याच्या शेजारी दुसरी चित्रफीत ठेवून पाहावी. २८ ऑगस्ट १८९५ रोजी आल्फ्रेड क्लार्क याने त्याच कंपनीसाठी स्कॉटलंडच्या मेरी राणीचा शिरच्छेद चित्रित केला. अठरा-एक सेकंदांचा खेळ. राणी गुडघे टेकते, ओंडक्यावर मान ठेवते, मारेकरी कुऱ्हाड उचलतो. तेवढ्यात यंत्र थांबवून राणीच्या जागी बाहुली ठेवली आहे. कुऱ्हाड पडते, शीर गडगडते, मारेकरी ते उचलून दाखवतो. राणीचे काम रॉबर्ट थोमाय या पुरुषाने केले होते. हे मस्तक त्याच पेट्यांतून राजरोस दाखवले जात होते. घोटा झाकावा आणि मुंडके दाखवावे, हा विवेक कोणत्या धर्मशास्त्रातला, हे मला अजून उमगलेले नाही. तथापि तो विवेक आजही मेलेला नाही, हे कोणीही सुज्ञ मनुष्य मान्य करील.

पेटीचा पडदा झाला तो पॅरिसमध्ये. २८ डिसेंबर १८९५ रोजी 'ग्रां काफे' या उपाहारगृहाच्या तळघरात ल्युमिएर बंधूंच्या चित्रांचा पहिला सशुल्क खेळ झाला. एक फ्रँक देऊन तेहतीस माणसे आली. त्या तळघरातल्या दालनाचे नाव होते 'सालाँ आंदियँ', म्हणजे 'हिंदी दालन'. आणि खेळाची व्यवस्था पाहणाऱ्या गृहस्थाचे नाव होते क्लेमाँ मोरिस. वाचकांनी ही दोन्ही नावे कृपा करून लक्षात ठेवावीत. पुढे त्यांच्याकडे परत यावयाचे आहे.

पेटी गेली आणि पडदा आला, तशी लाजेची जातच बदलली. पेटीतले पाप एकट्याचे होते. पडद्यावरचे सर्वांनी मिळून, एकमेकांच्या देखत करावयाचे होते. शेजारी कोण बसले आहे, हा प्रश्न प्रथमच निर्माण झाला. १८९६ च्या वसंतात एडिसनच्या कंपनीने मे आयर्विन आणि जॉन राइस या रंगभूमीवरच्या जोडीचे एक चुंबन चित्रित केले. ही काही कोवळी नायक-नायिका नव्हेत. दोघेही भरल्या अंगाची, प्रौढ वयाची विनोदी नटमंडळी. गालाला गाल लावून ती काहीतरी कुजबुजतात, मग तो मिशा सारख्या करतो आणि तिचे चुंबन घेतो. वीस-एक सेकंदांत सगळे आटोपते. हाच प्रसंग न्यूयॉर्कच्या नाट्यगृहात त्यांच्या नाटकात रोज रात्री होत होता आणि लोक हसून घरी जात होते. पण पडद्यावर आल्याबरोबर शिकागोच्या एका साहित्यविषयक नियतकालिकाच्या संपादकाने पोलिसांनी यात हात घातला पाहिजे असे लिहिले. त्याच्या तक्रारीचा मथितार्थ असा, की जिवंत माणसांच्या आकाराचे असताना जे कसेबसे सहन होते, ते इतके प्रचंड करून पुन्हा पुन्हा दाखवणे किळसवाणे आहे. माणूस मोठा झाला की त्याची लाजही तेवढीच मोठी होते, असा काहीसा हिशेब! लोकांनी मात्र या चित्रावर उड्या घातल्या आणि त्या वर्षी एडिसनच्या चित्रांत सर्वांत लोकप्रिय ठरले ते हेच.

त्याच वर्षी पॅरिसमध्ये युजेन पिरू या छायाचित्रकाराने 'नववधूचे शयन' अशा अर्थाच्या नावाचा एक खेळ काढला. तो चित्रित केला आल्बेर किर्शनेर याने. व्यवसायात तो लेआर म्हणून ओळखला जाई. लुईझ विली ही नटी एकावर एक चढवलेले कपडे उतरवते आहे आणि नवरदेव आडोशापलीकडे वर्तमानपत्र वाचण्याचे सोंग करीत मधूनमधून डोकावतो आहे. मूळ खेळ सात-एक मिनिटांचा; आज त्यातली दोन-एक मिनिटेच शिल्लक आहेत आणि तेवढ्या वेळात बाईंच्या अंगावरचे थर काही संपत नाहीत. मला यात गंमत वाटते ती वेगळीच. याच लेआरने पुढच्या वर्षी, १८९७ साली, येशू ख्रिस्ताच्या अंतकाळाचे दर्शन घडवणारी चित्रफीत काढली. ख्रिस्ताला पडद्यावर आणण्याच्या अगदी पहिल्या प्रयत्नांत तिची गणना होते. शय्यागृहाचा पडदा आणि देव्हाऱ्याचा पडदा, दोन्ही एकाच हाताने दूर सारले. यात विसंगती नाही. जिथे सामान्यांची नजर जाऊ नये असे ठरले आहे ती जागा विकत मिळते, हे धंदेवाल्याच्या सर्वांत आधी लक्षात येते. ती जागा ओवळी म्हणून बंद आहे की सोवळी म्हणून, याच्याशी त्याला कर्तव्य नसते.

पुढे व्हिएन्नात तर या मालाचा रीतसर कारखानाच निघाला. योहान श्वार्झर याच्या 'सॅटर्न' कंपनीने १९०६ पासून नग्न स्त्रियांची छोटी चित्रे काढून ती केवळ पुरुषांसाठी भरवलेल्या रात्रीच्या खेळांतून दाखवली. हे सारे शुद्ध कलेसाठी आहे, असे तिच्या सूचिपत्रात छापलेले असे. १९११ साली पोलिसांनी कंपनी बंद केली. तिचे चालक आणि गिऱ्हाईक दोघेही सभ्य समाजातलेच. कलेचे नाव काढले की पडदा आपोआप सरकतो, हा शोध काही आपल्या काळाचा नव्हे.

इथवर वाचून वाचक म्हणतील, की हा तर नुसता शृंगाराचा विषय झाला. परंतु माझा मुद्दा निराळा आहे. शृंगार हे निमित्त. खरे कळीचे प्रश्न शरीर कोणाचे आणि डोळे कोणाचे, हे आहेत. ते ध्यानात यावे म्हणून मरणाच्या चित्रांकडे वळू.

१९०१ च्या सप्टेंबरात अमेरिकेचे अध्यक्ष मॅकिन्ली यांच्यावर लिऑन चोल्गॉश याने गोळ्या झाडल्या, आणि २९ ऑक्टोबरला ऑबर्नच्या तुरुंगात त्याला विजेच्या खुर्चीवर मृत्युदंड देण्यात आला. प्रत्यक्ष दंड चित्रित करणे शक्य नव्हते. म्हणून एडिसनच्या कंपनीच्या एडविन पोर्टरने तुरुंगाच्या भिंती बाहेरून टिपल्या आणि खुर्चीचा प्रसंग नटांकडून करवून घेऊन त्यांना जोडला. सव्वा वर्षाने नटांचीही गरज उरली नाही. ४ जानेवारी १९०३ रोजी न्यूयॉर्कच्या कोनी आयलंडवर टॉप्सी नावाच्या हत्तिणीला विजेचा झटका देऊन मारण्यात आले. तिच्या हातून एक माणूस मेला होता. उद्यानाच्या मालकांचा बेत तिला तिकिटे लावून जाहीरपणे फासावर चढवण्याचा होता. प्राण्यांवरील क्रौर्याला विरोध करणाऱ्या संस्थेने हरकत घेतली, तेव्हा तिकिटाचा खेळ रद्द झाला आणि निमंत्रित पाहुण्यांपुढे विष, फास आणि वीज तिन्ही वापरून काम उरकण्यात आले. त्या पाहुण्यांत एडिसनच्या कंपनीचा कॅमेराही होता. म्हणजे जे तिकीट लावून डोळ्यांनी पाहणे निषिद्ध ठरले, तेच नाणे टाकून पेटीत पाहण्याची सोय झाली.

फ्रान्समध्ये याच्या अगदी उलट घडले. तिथे मृत्युदंड चव्हाट्यावर देत. ११ जानेवारी १९०९ रोजी बेत्यून गावी एका टोळीतल्या चौघांची मस्तके भर गर्दीत गिलोटिनखाली उडवण्यात आली. कॅमेरेवालेही तिथे जाऊन पोहोचले होते. त्याच दिवशी गृहमंत्र्यांनी जिल्ह्याजिल्ह्याच्या अधिकाऱ्यांना परिपत्रक धाडले, की असली दृश्ये पडद्यावर दाखवू देऊ नयेत. फ्रान्समधल्या चित्रपट-नियंत्रणाची सुरुवात या परिपत्रकापासून धरतात. मात्र चौकातले गिलोटिन त्यानंतरही तीस वर्षे, १९३९ पर्यंत, चालू राहिले. मान कापणे लोकांना पाहता येत होते. कापल्याचे चित्र पाहणे मात्र असभ्य ठरले! प्रत्यक्ष पाहणाऱ्याला सरकारने उभे केलेले असते. चित्र पाहणारा आपल्या मर्जीने येतो, घरी जाऊन विचार करतो. सरकारला भीती वाटली असेल तर ती या विचाराची, असे मला वाटते.

आता शरीर कोणाचे, या प्रश्नाचा दुसरा दाखला पाहा. शिकागोच्या १८९३ च्या जागतिक प्रदर्शनापासून पूर्वेकडचे म्हणून मिरवलेले पोटनृत्य अमेरिकेत गाजत होते. फातिमा नावाच्या नर्तिकेचा तो नाच १८९६ साली चित्रित झाला. बाईंच्या अंगावर कपडे पुरेसे आहेत. तरीही या चित्रफितीची एक प्रत अशी आहे, की तिच्या छातीवर आणि कमरेवर पांढऱ्या दांड्यांचे कुंपण उमटवून ठेवले आहे. झाकण्यासाठी घातलेले हे कुंपण बोट दाखवल्यासारखे नेमके तिथेच डोळा नेते. लुईझ विलीची लाज कपड्यांनी राखली. परदेशी फातिमाची राखायला कपडे पुरले नाहीत, कुंपण लागले.

काळ्या माणसांच्या वाट्याला याहून वाईट आले. त्या काळच्या अमेरिकन चित्रांत काळा माणूस दिसे तो कलिंगडावर तुटून पडणारा विदूषक म्हणून. १९०३ च्या पोर्टरच्या एका मिनिटभराच्या खेळात आगगाडी बोगद्यात शिरते, अंधारात एक गोरा गृहस्थ शेजारच्या गोऱ्या बाईचे चुंबन घ्यावयास जातो, आणि उजेड होतो तेव्हा तो तिच्या काळ्या मोलकरणीला बिलगलेला असतो. दोघी बायका हसतात. प्रेक्षकांनी कशाला हसावे अशी अपेक्षा होती, ते सांगावयास नको.

म्हणूनच १८९८ सालच्या एका चित्रफितीचे मोल मला या सर्वांहून अधिक वाटते. शिकागोत विल्यम सेलिग याने ती काढली. सेंट सटल आणि गर्टी ब्राउन हे दोघे काळे कलावंत तीत आहेत. तो नेटका, गळ्याला बो बांधलेला. ती छानशा पोशाखात. ती दोघे एकमेकांचे हात धरतात, चुंबन घेतात, हसून मागे सरतात, हात झुलवतात आणि पुन्हा जवळ येतात. बस्स, इतकेच. कोणी फजीत होत नाही, कोणी डोळे वटारीत नाही. दोनच वर्षांपूर्वी, १८९६ साली, अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने काळ्यांना वेगळ्या डब्यात बसवणे कायदेशीर ठरवले होते. अशा वेळी काळ्या स्त्रीपुरुषांचे साधे, आनंदाचे प्रेम दाखवणे ही केवढी निषिद्ध गोष्ट! आयर्विनबाईंच्या चुंबनावर टीका झाली आणि ते अजरामर झाले. हे चुंबन विस्मृतीत गेले. २०१७ च्या सुमारास कॅलिफोर्नियातल्या विद्यापीठाच्या एका संग्रहपालाच्या हाती त्याची जुनी प्रत आली. तेव्हा अभ्यासकांनी त्या दोघांची ओळख पटवली आणि २०१८ साली अमेरिकेने राष्ट्रीय ठेवा म्हणून त्याची नोंद केली. दोन माणसांना त्यांची नावे परत मिळावयास एकशेवीस वर्षे लागली.

निषिद्ध गोष्ट पडद्यावर आणूनही माणसाची अवहेलना होऊ न देणे शक्य होते, याचा आणखी एक दाखला फ्रान्समधून मिळतो, आणि तो एका बाईचा आहे. आलीस गी ही गोमाँ कंपनीत लेखनिक म्हणून लागली आणि पाहता पाहता चित्रे दिग्दर्शित करू लागली. जगातली पहिली स्त्री-दिग्दर्शक ती हीच. १९०६ साली तिने चारेक मिनिटांचे एक चित्र काढले. त्याच्या नावाचे मराठी करायचे तर 'बाईसाहेबांचे डोहाळे' असेच करावे लागेल. पोट चांगले दिसते आहे अशी एक गर्भार बाई नवऱ्याबरोबर फिरावयास निघते. वाटेत मुलाच्या हातची गोळी हिसकावून खाते, कॉफीगृहात बसलेल्या गृहस्थाचा मद्याचा पेला पळवते, भिकाऱ्याचा मासा लांबवते, फेरीवाल्याची चिलीम ओढते. आणि प्रत्येक वेळी कॅमेरा जवळ जाऊन तिच्या चेहऱ्यावरची तृप्ती दाखवतो. नवरा बिचारा मागून मुलाचे गाडे ढकलीत, माफी मागत धावतो आहे. अखेर कोबीच्या मळ्यात मूल जन्मते. कारण मुले कोबीत सापडतात, असे तिकडे लेकरांना सांगत.

डोहाळजेवण करणाऱ्या, गर्भारणीला झोपाळ्यावर बसवून ओटी भरणाऱ्या आपल्या समाजाला यात निषिद्ध काय, असे वाटेल. पण त्या काळच्या युरोपातल्या कुलीन घरांत गर्भार स्त्रीने शक्यतो घराबाहेर दिसू नये असा रिवाज होता. गर्भारपणाचा उल्लेखही आडवळणाने करीत. आलीस गीने त्या पोटाला रस्त्यावर आणले, आणि त्याचा तमाशा न करता त्याला राज्य दिले. इथे बाई पाहिली जाते, हे खरे. पण तीही हवे ते पाहते, मागते आणि घेते. डोळे तिचेही आहेत. माझ्या मते सारा फरक या एका गोष्टीत आहे.

आणि आता क्लेमाँ मोरिस यांच्याकडे परत यावयास हवे.

डॉक्टर युजेन-लुई द्वायाँ हे त्या काळचे पॅरिसचे गाजलेले शस्त्रवैद्य. हात विजेसारखा चपळ, आणि जाहिरातीची हौसही तशीच. शस्त्रक्रिया चित्रित करून शिकाऊ डॉक्टरांना दाखवाव्यात, म्हणजे शंभर व्याख्यानांनी होत नाही ते काम होईल, ही त्यांची कल्पना. शस्त्रवैद्याला स्वतःच्या चुकाही त्यात दिसतील, असे ते म्हणत. कल्पना खरोखरच थोर होती. १८९८ साली क्लेमाँ मोरिस आणि पार्नालाँ या दोघांना कॅमेरा घेऊन त्यांनी शस्त्रक्रियागृहात नेले, आणि त्याच उन्हाळ्यात एडिंबरोच्या वैद्यक परिषदेत आपली चित्रे दाखवली. मायदेशातल्या सहकाऱ्यांनी मात्र नाके मुरडली. रुग्णाचे शरीर हे वैद्याजवळचे गुपित. ते पडद्यावर मांडणे त्यांना व्यवसायाला कमीपणा आणणारे वाटले.

९ फेब्रुवारी १९०२ रोजी द्वायाँ यांनी राधिका आणि दुधिका या दोन मुलींवर शस्त्रक्रिया केली. बारा-तेरा वर्षांच्या या जुळ्या बहिणी आजच्या ओडिशातल्या. छातीशी एकमेकींना जोडलेल्या अशा त्या जन्मल्या. लहानपणीच त्यांना परदेशी नेण्यात आले. युरोप-अमेरिकेत तिकीट लावून त्या वर्षानुवर्षे दाखवल्या गेल्या. दुधिकेला क्षयाने ग्रासले. तिच्याबरोबर राधिकाही जाईल या भीतीने दोघींना वेगळे करण्याचे ठरले. क्लेमाँ मोरिस कॅमेऱ्यामागे होते. सहाच वर्षांपूर्वी 'हिंदी दालना'त जगाला पहिला खेळ दाखवणाऱ्या माणसाच्या यंत्रापुढे आता हिंदुस्थानातल्या दोन लेकी निजल्या होत्या. दुधिका थोड्याच दिवसांत गेली. राधिका पुढच्या वर्षी त्याच क्षयाने गेली.

चित्रफीत मात्र जगली. द्वायाँ यांनी ती डॉक्टरांसाठी काढली होती. पण पार्नालाँ याने त्यांच्या चित्रांच्या चोरट्या प्रती करून विकल्या, आणि जे फक्त वैद्यांनी पाहावयाचे ते जत्रेतल्या तंबूंत, पाळण्यांच्या आणि जादूगारांच्या शेजारी, कोणालाही पैसे टाकून पाहता येऊ लागले. द्वायाँ न्यायालयात गेले. १९०५ साली पॅरिसच्या न्यायालयाने त्यांच्या बाजूने निकाल दिला: दृश्याची मांडणी, माणसांच्या जागा, हत्यारांची व्यवस्था डॉक्टरांनी केली असल्याने ही चित्रे त्यांची कृती होत, त्यांच्या संमतीवाचून ती विकता यावयाची नाहीत. चित्रपटावर मालकी कोणाची, या वादाच्या इतिहासात हा निकाल अजून आठवला जातो.

मला त्यातली शांतता आठवते. वाद झाला तो डॉक्टर आणि कॅमेरेवाला यांच्यात. हक्क कोणाचा, नुकसान कोणाचे, बेअब्रू कोणाची, हे सारे त्या दोघांपुरतेच तोलले गेले. टेबलावर जे शरीर उघडे झाले त्याची मालकी कोणाकडे, हा प्रश्न त्या खटल्यात उपस्थित व्हावयाचाच नव्हता. मुली तर तेव्हा हयातही नव्हत्या. जत्रेतून निघून शस्त्रक्रियागृहात गेल्या आणि तिथून चित्र होऊन पुन्हा जत्रेतच आल्या, एवढाच त्यांचा प्रवास.

यावरून शस्त्रक्रियेची चित्रे काढूच नयेत असे मी म्हणत नाही. अशा चित्रांवर पुढे डॉक्टरांच्या पिढ्या शिकल्या आणि त्यांच्या हातून माणसे वाचली. चुंबन वाईट, असे तर मुळीच म्हणत नाही. माझे म्हणणे इतकेच, की निषिद्ध गोष्टीवरचा पडदा काही सगळ्यांवरून सारखा सरकत नाही. जो दुबळा, परका, गुन्हेगार, काळा, मुका, त्याच्यावरून तो आधी आणि सहज सरकतो. प्रतिष्ठितांच्या घोट्यासाठी गावचे पुढारी धावून येतात. ओडिशाच्या पोरींच्या छातीसाठी कोणी येत नाही.

आपल्याकडची हकीकत याहून वेगळी नाही. मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिएरची चित्रे ७ जुलै १८९६ रोजी दाखवली गेली. दादासाहेब फाळक्यांनी १९१३ साली 'राजा हरिश्चंद्र' काढला, तेव्हा तारामतीच्या कामासाठी बाई मिळेना. नाचगाण्यावर पोट भरणाऱ्या स्त्रियांनीसुद्धा नकार दिला, आणि अखेर साळुंके या तरुणाला लुगडे नेसवावे लागले. इथे कथेत निषिद्ध काही नव्हते. बाईने पडद्यावर नुसते दिसणेच निषिद्ध होते. त्याच वर्षी 'मोहिनी भस्मासुर' मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची कन्या कमला या मायलेकी उभ्या राहिल्या, तेव्हा ती रेघ ओलांडली गेली. चित्रपटांच्या नियंत्रणाचा कायदा १९१८ साली आला. १९२७-२८ मध्ये सरकारने या विषयाची चौकशी करण्यासाठी समिती नेमली. त्यामागे एक मोठी काळजी होती, की पाश्चात्त्य चित्रांतल्या तोकड्या कपड्यांतल्या गोऱ्या स्त्रिया पाहून हिंदी प्रेक्षकांच्या मनातला राज्यकर्त्यांचा दरारा उतरेल. म्हणजे लंडनच्या पडद्यावर जे चालते ते मुंबईच्या पडद्यावर निषिद्ध! चित्र तेच, कपडे तेच. डोळे बदलले होते. गोऱ्यांनी दोन काळ्या मुलींना पाहण्यात जगाला काही वावगे वाटले नव्हते. काळ्यांनी गोऱ्या बाईला पाहावे की नाही, यासाठी मात्र समिती बसली.

तेव्हा 'हे कशाला लिहिलेत?' या प्रश्नाला माझ्यापुरते एक उत्तर या जुन्या चित्रफितींनी दिले आहे. निषिद्ध आहे म्हणून लिहू नये, हे मला पटत नाही. निषिद्ध आहे म्हणून लिहावे, हेही पटत नाही. लिहिण्यापूर्वी इतके पाहावे, की ज्याचे झाकण आपण काढतो आहोत तो माणूस आपल्या कथेत नुसता पाहिला जाणार आहे, की त्यालाही डोळे आहेत. गर्टी ब्राउनला ते आहेत. चिलीम ओढणाऱ्या त्या गर्भार बाईला आहेत. टॉप्सीला नाहीत, फातिमाला कुंपणाआडून जेमतेम आहेत.

राधिका आणि दुधिका यांच्या शस्त्रक्रियेची वर्णने पुष्कळ आहेत. कोणत्या क्षणी काय कापले आणि किती मिनिटे लागली, इथपर्यंत. मी त्यांत भर घातली नाही, हे वाचकांच्या लक्षात आले असेल. त्यांना पाहणारे डोळे त्यांच्या हयातीत आणि नंतरही फार झाले. फ्रेंच कागदपत्रांत त्यांची नावे 'रादिका' आणि 'दूदिका' अशी वाकडीतिकडी लिहिलेली आढळतात. ती आपल्या लिपीत नीट लिहावीत, आणि डॉक्टरांच्या नावाच्या आधी लिहावीत, एवढे तरी आपल्या हातात आहे.